टोकियो ते नारा, व्हाया नागोया

दिवस पहिला : टोकियो

या सहलीची सगळी जबाबदारी भाऊजींनी आपण होऊन अंगावर घेतली होती. ज्या गृहस्थांना कपाळावर सरकवलेला स्वतःचा चष्मा घरभर शोधावा लागतो, त्यांच्या हाती पाच माणसांची तिकिटे द्यावीत का, हा प्रश्न घरात कोणी काढण्याच्या आतच त्यांनी विमानापासून हॉटेलांपर्यंतचे आरक्षण उरकून टाकले होते. विसराळू माणसे आळशी असतात असा एक समज आहे, तो भाऊजींच्या बाबतीत तरी साफ खोटा ठरतो. ते कमालीचे उत्साही आहेत. अडचण एवढीच की त्यांचे मन नेहमी पुढच्या कामात असते आणि हात मागच्या कामात राहिलेले असतात.

हानेदा विमानतळ शहराच्या मध्यापासून जेमतेम पंधरा किलोमीटरवर आहे, त्यामुळे गाडीत बसून स्थिरस्थावर व्हायला फारसा वेळ मिळाला नाही. तेवढ्या वेळात भाऊजींनी पाठीवरची सॅक वरच्या फळीवर ठेवली, भाचीला मार्गाचा नकाशा समजावून सांगितला, सगळ्यांच्या आधी उतरून आमच्या चार मोठ्या बॅगा मोजून घेतल्या आणि "सगळं आलं, चला!" असे जाहीर केले. गाडीची दारे बंद झाली तेव्हा ताईने त्यांच्या पाठीकडे पाहिले. पाठ मोकळी होती.

स्थानकावरच्या कर्मचाऱ्याने शांतपणे विचारले, डबा कितवा आणि दार कितवे? तेथे फलाटाच्या फरशीवर प्रत्येक दाराचा क्रमांक रंगवलेला असतो, म्हणजे प्रश्न अगदी रास्त होता. भाऊजींनी बराच विचार करून "मधला" असे उत्तर दिले. सुदैवाने भाचीने उतरता उतरता काढलेल्या सेल्फीत मामीच्या पायाशी तो क्रमांक आला होता. पुढच्या स्थानकांना फोन झाले, पण सॅक हाती लागली नाही. कर्मचाऱ्याने अर्ज भरून घेतला आणि सांगितले की येथे वस्तू सहसा सापडतात. काही दिवस रेल्वेकडे राहतात, मग पोलिसांच्या मध्यवर्ती कार्यालयात जातात, तेव्हा परतीच्या वेळी चौकशी करा. त्याच्या बोलण्यात किंवा चेहऱ्यावर कोठेही "असे कसे विसरलात?" हा भाव नव्हता. तो भाव आम्ही घरून नेला होता आणि ताईने रात्री त्याचा यथास्थित वापर केला.

दिवस दुसरा : उएनो

पाऊस. उएनोच्या बागेतील राष्ट्रीय संग्रहालय १८७२ साली स्थापन झालेले आहे आणि ते नीट पाहायचे तर एक दिवस पुरत नाही. आमचा त्यातला बराच वेळ स्वच्छतागृहाच्या दाराशी गेला. जपानी शौचकूपाशेजारच्या पट्टीवर इतकी बटणे असतात की २०१७ साली उत्पादकांना एकत्र येऊन त्यांची चिन्हे एकसारखी करण्याचे ठरवावे लागले. तरीही भिंतीवर त्या पट्टीपासून जरा दूर एक बटण असते, ते मदतीसाठी. भाऊजींनी चिन्हे पाहिली नाहीत, कारण त्यांचे लक्ष बाहेर राहिलेल्या दालनांच्या क्रमाकडे होते. त्यांनी हाताला लागेल ते बटण दाबले. पाणी आले नाही म्हणून पुन्हा दाबले. मिनिटाभरात दोन रक्षक दार ठोठावू लागले. आत चक्कर येऊन कोणी पडले आहे अशी त्यांची समजूत झालेली, आणि भाऊजी आतून मोठ्याने "बिझी! बिझी!" म्हणत होते.

ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ जेम्स रीझन यांनी माणसांना रोजनिशी ठेवायला सांगून रोजच्या अशा बारीकसारीक चुकांचा अभ्यास केला होता. त्यात दिसून आले की या चुका नवशिक्याच्या अवघड कामात होत नाहीत, तर अंगवळणी पडलेल्या, न पाहता करता येणाऱ्या कामात आणि मन दुसरीकडे असताना होतात. भाऊजींचे नव्वद टक्के आयुष्य न पाहता करता येणाऱ्या कामांनी भरलेले आहे असे त्यांना स्वतःला वाटते. सारा घोळ तेथे आहे.

दिवस तिसरा : ओदावारा, आणि नाइलाजाने नागोया

हाकोनेला जायचे तर टोकियोहून शिन्कान्सेनने, म्हणजे बुलेट ट्रेनने, ओदावाराला उतरावे लागते. ही रेल्वे १ ऑक्टोबर १९६४ रोजी सुरू झाली आणि टोकियो ते शिन-ओसाका या मार्गावर तिच्या तीन जातीच्या गाड्या धावतात : थोडक्याच ठिकाणी थांबणारी नोझोमी, मधली हिकारी आणि प्रत्येक स्थानकावर थांबणारी कोदामा. ओदावाराला नोझोमी थांबत नाही. आमची तिकिटे कोदामाची होती. प्रवेशाच्या फाटकातून आत आल्यावर भाऊजींनी "हरवतील" असे म्हणून पाचही तिकिटे गोळा करून स्वतःच्या खिशात ठेवली.

फलाटाला दोन बाजू, दोन्हींकडे त्याच पांढऱ्या रंगाच्या, निळ्या पट्ट्याच्या, सोळा डब्यांच्या गाड्या. आम्ही सामान लावत होतो तेव्हा भाऊजी गाडीच्या चोचीचा फोटो काढायला पुढे गेले आणि परत येताना समोरच्या गाडीत चढले. डब्याचा क्रमांक तोच, आसनाचा क्रमांक तोच, आणि दैवाचा खेळ असा की ते आसन रिकामे होते. उठवायला कोणी आले नाही. गाडी सुटली. ती नोझोमी होती.

आमची कोदामा चार-पाच मिनिटांनी निघाली. भाऊजी दुसऱ्या डब्यात फोटो काढत असतील या समजुतीवर आम्ही शिन-योकोहामापर्यंत निश्चिंत होतो. मग त्यांचा संदेश आला. डब्यात फुकट वायफाय होते आणि त्यांनी ते बरोबर जोडून घेतले होते, हेही येथे नोंदवले पाहिजे. संदेश ताईला होता : "अगं, तुमची गाडी चुकली की काय? घाबरू नका. मी जागेवर बसलोय. पुढे उतरून तुमची वाट पाहतो." ताईने आजूबाजूला पाहिले. आम्ही चौघे आमच्या जागांवर होतो आणि पाचवी जागा रिकामी होती. गाडी कोणाची चुकली आहे यावर पुढची काही मिनिटे दोन्ही बाजूंनी संदेशांची खणाखणी झाली. भाऊजींचा मुद्दा असा की चौघांची चूक होण्याचा संभव एकाच्या चुकीपेक्षा जास्त असतो, कारण चौघे असले की प्रत्येक जण दुसऱ्यावर विसंबून राहतो.

वादाचा निकाल फुजी पर्वताने लावला. भाऊजींनी खिडकीतून काढलेला एक सुरेख फोटो पाठवला, बर्फाच्छादित शिखर आणि पायथ्याशी गावाची घरे. भाची तो पाहून म्हणाली, "मामा, हा एवढा जवळून दिसतो तो ओदावाराच्या पुढे. बाबा ओदावारा सोडून गेले." आणि नोझोमी शिन-योकोहामानंतर थांबते ती थेट नागोयाला, सव्वा तासापेक्षा जास्त वेळाने. ताशी २८५ किलोमीटर वेगाने आमचे सहलप्रमुख आमच्या पाचही तिकिटांसह पश्चिमेला निघाले होते.

त्यांच्याकडचा वृत्तांत नंतर कळला तो असा. तिकीट तपासनिसाच्या हातातील यंत्रावर कोणते आसन विकले गेले आहे ते दिसते, म्हणून तो इतर प्रवाशांना न हटकता नेमका यांच्याकडे आला. भाऊजींनी अभिमानाने पाचही तिकिटे पत्त्यांसारखी पसरून दाखवली. तपासनिसाने तिकिटांकडे पाहिले, चार रिकाम्या, म्हणजे मुळात नसलेल्या माणसांकडे पाहिले आणि टोपी काढून वाकून नमस्कार केला. पुढे जे झाले त्याने मी तरी चकित झालो. चुकून पुढे गेलेल्या प्रवाशाला विनामूल्य परत पाठवण्याची तरतूद जपानी रेल्वेच्या नियमांतच आहे. तपासनिसाने तिकिटावर तशी नोंद केली, नागोयाला एक कर्मचारी डब्याच्या दाराशी त्यांना उतरवून घ्यायला उभा होता आणि त्याने त्यांना उलट दिशेच्या, ओदावाराला थांबणाऱ्या गाडीत नेऊन बसवले. लहान मुलाला शाळेच्या रिक्षात बसवावे तसे, असे भाऊजी स्वतःच सांगतात, आणि त्यात त्यांना काही कमीपणा वाटत नाही.

इकडे आम्ही ओदावाराच्या फाटकाच्या आत अडकलो, कारण बाहेर पडायला तिकीट लागते. हरवलेल्या तिकिटाचे पैसे पुन्हा भरून दाखला घ्या, मूळ तिकीट सापडल्यावर परतावा मागा, असा मार्ग कर्मचाऱ्याने सांगितला. ताई म्हणाली, "तिकीट हरवलं नाहीये. माणूस हरवलाय. तो येईपर्यंत बसू." आम्ही फलाटावरच्या बाकावर बसलो.

त्या बाकावरून जे पाहिले ते हाकोनेच्या सरोवरापेक्षा माझ्या जास्त लक्षात आहे. पांढरे हातमोजे घातलेला फलाटावरचा कर्मचारी गाडी सुटण्याआधी एकटाच हात लांब करून गाडीच्या कडेवर बोट फिरवी, दारावरच्या दिव्याकडे बोट रोखी, काहीतरी ठामपणे मोठ्याने म्हणे, मग घड्याळाकडे बोट, पुन्हा उच्चार. ऐकायला समोर कोणी नसे. मधल्या रुळांवरून न थांबणारी गाडी छातीत धडकी भरवत निघून जाई, आणि तिच्या मागे, रिकाम्या झालेल्या रुळांकडेही तो बोट दाखवून काही म्हणे. भाचीने शोधून सांगितले की या पद्धतीला 'शिसा कान्को' म्हणतात : जे तपासायचे त्याकडे पाहायचे, बोट दाखवायचे, नाव मोठ्याने उच्चारायचे. १९९४ साली तेथील रेल्वे तांत्रिक संशोधन संस्थेने साध्या कामांवर प्रयोग केला, तेव्हा नुसते काम करताना शंभर कृतींमागे २.३८ चुका झाल्या आणि बोट दाखवून उच्चार करताना ०.३८. न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेनेही १९९६ पासून गार्डला फलाटावरच्या पट्टेरी फळीकडे बोट दाखवायला लावले. डोळा, हात, तोंड आणि कान या चौघांना एका कामाला जुंपले की मनाला पळून जायला वाट राहत नाही, इतकी साधी युक्ती. तो कर्मचारी काही भाऊजींपेक्षा हुशार नसेल. त्याच्या संस्थेने एवढेच मान्य केले होते की रोज तेच काम करणारा माणूस कधीतरी न पाहता "सगळं आलं, चला!" म्हणणार.

दुपारी भाऊजी उतरले. हातात नागोयाच्या फलाटावर घेतलेला खाऊचा डबा होता आणि चेहऱ्यावर अपराधीपणाचा मागमूस नव्हता. "नागोया आपल्या यादीत नव्हतं," ते म्हणाले, "तेही झालं."

दिवस चौथा : हाकोने

पारंपरिक सरायीत उतरलो. खोलीत युकाता, म्हणजे सुती अंगरखे, घडी करून ठेवलेले आणि भिंतीवर ते कसे नेसायचे याची चित्रे. उजवी बाजू आधी अंगाशी, डावी तिच्यावर, एवढेच. उलट गुंडाळण्याची रीत प्रेताला नेसवताना असते. भाऊजी चित्रांकडे पाठ करून तयार झाले आणि जेवणाच्या दालनात आले, तेव्हा वाढणाऱ्या आजीबाई तबक खाली ठेवून जवळजवळ धावत आल्या, त्यांनी भाऊजींना भर दालनात उभे केले, पट्टा सोडला आणि अंगरखा सुलटा नेसवून दिला. त्या जिवंत माणसाला जिवंत करत होत्या. मग त्यांची नजर खाली गेली. भाऊजींच्या पायात स्वच्छतागृहाच्या सपाता होत्या, ज्या त्या उंबऱ्याच्या आतच राहायला हव्यात आणि ज्यांवर तशी मोठाली अक्षरेही लिहिलेली असतात. आजीबाईंनी तोंडावर हात धरला. माझ्या मते त्या हसत होत्या. ताईच्या मते नाही.

त्या रात्री भाचीने वडिलांसाठी नियम काढला. कोठूनही निघताना पासपोर्ट, फोन, चष्मा, पाकीट, तिकीट या प्रत्येकाकडे बोट दाखवून नाव मोठ्याने घ्यायचे. तिने यादी एका कागदावर ठळक अक्षरांत लिहून दिली. तिकिटे मात्र ज्याची त्याच्याकडे.

दिवस पाचवा : क्योटो

वाटेत नागोयाला गाडी थांबली तेव्हा भाऊजींनी आम्हाला फलाट दाखवला. या शहरात टोयोटाच्या घराण्याचे जुने यंत्रमाग जपून ठेवलेले आहेत. साकिचि तोयोदा यांनी १९२४ साली पूर्णत्वाला नेलेला माग सूत तुटताच आपोआप थांबत असे, म्हणजे विणकराचे लक्ष नसले तरी सदोष कापड पुढे जात नसे. पुढे त्याच उद्योगाशी जोडलेले अभियंता शिगेओ शिंगो यांनी चूक करताच येऊ नये अशी रचना करण्याचे तंत्र रुजवले. स्प्रिंग बसवायची विसरणाऱ्या कामगाराला ओरडण्याऐवजी त्यांनी आधी दोन स्प्रिंगा एका ताटलीत काढून ठेवायला सांगितल्या. जोडणी संपल्यावर ताटलीत स्प्रिंग उरली तर काहीतरी राहिले. ताईने हे लक्षपूर्वक ऐकले आणि भाऊजींकडे पाहून म्हणाली, "ताटली केवढी लागेल?"

क्योटोच्या रेल्वे स्थानकाची सध्याची इमारत १९९७ साली उघडली. ती सुमारे ४७० मीटर लांब आहे आणि तिच्या कानाकोपऱ्यात सामान ठेवायची कपाटे आहेत. भाऊजींनी बॅगा एका कपाटात ठेवल्या, दाराकडे बोट दाखवून "बेचाळीस!" असा खणखणीत उच्चार केला, क्रमांकाचा फोटोही काढला, आणि छापून आलेली पावती हा निव्वळ कचरा समजून टाकून दिली. संध्याकाळी कळले की बेचाळीस क्रमांकाची कपाटे त्या स्थानकात कितीतरी ठिकाणी आहेत. फोटोत आकडा होता, मजला नव्हता, दिशा नव्हती. बोट दाखवण्याची पद्धत त्यांनी प्रामाणिकपणे पाळली होती. फक्त कशाकडे दाखवायचे ते चुकले होते.

बचाव एका गोष्टीने झाला. पैसे प्रवासाच्या कार्डाने भरले होते आणि अशा कपाटांना तेच कार्ड किल्ली म्हणून चालते. भाऊजी एका रांगेतून दुसऱ्या रांगेत जाऊन प्रत्येक यंत्राला कार्ड लावत राहिले. यंत्रे नम्र आवाजात नकार देत होती. अखेर तळघरातल्या एका यंत्राने खट्‌ असा आवाज करून दार उघडले, तेव्हा जवळ उभ्या असलेल्या एका शाळकरी मुलाने टाळ्या वाजवल्या. तो बहुधा बराच वेळ आमच्या मागून फिरत असावा.

दिवस सहावा : नारा

येथील बागेत हजाराहून अधिक हरणे मोकळी हिंडतात. १९५७ पासून त्यांना राष्ट्रीय निसर्गठेव्याचे संरक्षण आहे. त्यांच्यासाठी विकल्या जाणाऱ्या बिस्किटांच्या गड्डीला कागदाची पट्टी असते, तीही हरणांच्या पोटात गेली तर बाधू नये अशी केलेली. म्हणजे हरिण कागद खाते हे येथे गृहीतच धरलेले आहे आणि तशा सूचनांच्या पाट्याही लागलेल्या आहेत. भाऊजींनी भाचीची यादी पँटच्या मागच्या खिशात ठेवली होती, अर्धी बाहेर. ते पाटीचा फोटो काढत असतानाच एका हरणाने ती ओढली. भाऊजी वळले तेव्हा "पासपोर्ट, फोन" गिळून झाले होते आणि "चष्मा" ओठांवर होता.

त्याच संध्याकाळी माझ्या पत्नीने विमानाचे तिकीट सहज हातात घेतले. उड्डाण १५ तारखेला ००:३० वाजता होते. भाऊजींच्या वेळापत्रकात "१५ ला रात्री हॉटेल सोडणे" असे लिहिलेले होते आणि १४ च्या रात्रीचे हॉटेलही भरलेले होते. मध्यरात्रीनंतरचा अर्धा तास दुसऱ्या दिवसाच्या खात्यावर जमा होतो, हे सगळ्यांना ठाऊक असते आणि तरी हा घोळ जगभर होतो, कारण झोप होईपर्यंत आपल्या लेखी कालचाच दिवस चालू असतो. पत्नीने तिकीट ताईला दाखवले. ताई फक्त म्हणाली, "उद्या सकाळची पहिली गाडी." भाऊजींनी मान डोलावली आणि कोदामा की नोझोमी, असे विचारले. त्यांना कोणी उत्तर दिले नाही.

दिवस सातवा : ईदाबाशी

पोलिसांचे हरवलेल्या वस्तूंचे मध्यवर्ती कार्यालय टोकियोच्या ईदाबाशी भागात आहे. राजधानीच्या पोलिसांकडे वर्षाला चाळीस लाखांहून अधिक वस्तू जमा होतात. त्यांतल्या छत्र्यांची संख्या लाखोंच्या घरात जाते आणि परत न्यायला येणारे शंभरात एखादेच. कायद्याने वस्तू तीन महिने सांभाळायची असते, पूर्वी ही मुदत सहा महिने होती. सापडवून देणारा माणूस वस्तूच्या किमतीच्या पाच ते वीस टक्के बक्षीस मागू शकतो. भाऊजींची सॅक कोणीतरी जवळच्या पोलीस चौकीत नेऊन दिली होती आणि बक्षिसाचा हक्क सोडला होता.

खिडकीवरच्या बाईंनी वर्णन विचारले. रंग? "काळा," भाऊजी म्हणाले. "गडद निळा," ताई म्हणाली. आत काय आहे? भाऊजींनी कॅमेरा, छत्री आणि स्वेटर सांगितले. स्वेटर त्यांच्या अंगावर होता. मग ओळखपत्र. पासपोर्ट परदेशी पाहुण्याने सदैव जवळ बाळगावा असा तेथे कायदाच आहे. भाऊजींचा हॉटेलात राहिला होता. भाची टॅक्सीने जाऊन घेऊन आली, तोवर बाईंनी आम्हाला चहा विचारला.

शेवटी सॅक टेबलावर आली आणि बाई एकेक वस्तू काढून, तिच्याकडे बोट दाखवून, नाव घेऊन अर्जावर खूण करू लागल्या. कॅमेरा. छत्री. चार्जर. आणि आतल्या कप्प्यातून, रुमालात गुंडाळलेला, एक चष्मा. ताईने तो ओळखला. हा चष्मा व्यायामशाळेतल्या कोणीतरी चोरला, असे भाऊजी गेली दोन वर्षे येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होते, आणि त्या रागापायी त्यांनी तेथे जाणेही बंद केले होते.

"मी आधीपासून म्हणत होतो," भाऊजी चष्मा पुसत म्हणाले, "तिथली माणसं चांगली आहेत."